सातपुड्यातल्या पाड्यावर माहितीपट करायचा असेल तर

नंदुरबार जिल्ह्यातल्या धडगाव-अक्कलकुवा भागात माहितीपट करायचा म्हटलं की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे काठी गावची राजवाडी होळीच येते. मोरपिसांचे टोप, कमरेची घुंगरं, पहाटे पेटणारी होळी. देखणी आहेच, पण तिथे कॅमेऱ्यांची आधीच गर्दी असते. माझं ऐकाल तर एखादं काम धरा आणि ते पहिल्यापासून शेवटपर्यंत टिपा. हात कामात असले की माणूस कॅमेरा विसरतो, आणि घरात कुणाचं चालतं, पैसा कुठून येतो हे न विचारता कळतं.

मी आमचूर निवडेन. एप्रिल-मेमध्ये कैऱ्या उतरवल्या की घरातली सगळी सोलायला बसतात. चिरलेल्या फोडी उन्हात वाळतात, मग माल धडगाव नाहीतर मोलगीच्या व्यापाऱ्याकडे जातो. चिकाने काळी पडलेली बोटं अगदी जवळून घ्या. अवकाळीचं आभाळ भरून आलं तर कॅमेरा बंद करू नका. फोडी भिजल्या की काळ्या पडतात, भाव उतरतो, म्हणून घरची लहान-मोठी सगळी धावतात. शेवटी व्यापाऱ्याचा वजनकाटा हवाच. तिथे मात्र विकणारा आणि घेणारा, दोघांनाही विचारून घ्या.

दिवाळीनंतर कित्येक कुटुंबं ऊसतोडीला गुजरातेत जातात, होळीला परततात. मधल्या काळात जाऊन ‘ओस पडलेला पाडा’ दाखवणं मला अन्यायाचं वाटतं. तेव्हा शूटिंग केलंत तर तोडीच्या फडावरही जा.

पहिल्या फेरीत कॅमेरा पिशवीतच राहू द्या. कारभाऱ्याला, पोलीस पाटलाला भेटा. काय करणार, कुठे दाखवणार ते घरोघर सांगा. संमती त्यांच्याच बोलीत, पावरीत किंवा भिलोरीत, रेकॉर्ड करा. मुलाखतीसाठी कुणाला मराठी बोलायला लावू नका. मराठीत चार शब्दांत उरकणारी आजी पावरीत तासभर बोलते. दुभाषी त्याच पाड्यातला घ्या, उपशीर्षकंही तिथल्याच कुणाकडून तपासून घ्या आणि दोन्हीची मजुरी द्या. शूटिंगपायी कुणाचा रोज बुडाला तर तोही.

कुडाच्या घरात दिवे लावत बसू नका. बोलणाऱ्याला दाराजवळ बसवा, उजेड पुरतो. बल्ब असेल तर सेकंदाला 25 फ्रेम आणि 1/50 सेकंद शटर ठेवा, नाहीतर चित्र लुकलुकतं. डोंगरावर वारा फार, माईकला केसाळ आवरण लागतंच. विजेचा भरवसा धरू नका, बॅटऱ्या जास्तीच्या न्या. रोजचं फुटेज रोज दोन हार्डडिस्कवर उतरवा.

पहिला खेळ पाड्यावरच करा, अंतिम संकलनाच्या आधी. पांढरी चादर आणि बॅटरीवर चालणारा प्रोजेक्टर पुरतो. स्वतःचं एखादं दृश्य कुणी काढायला सांगितलं तर ते काढा, कितीही सुंदर असलं तरी.