‘अवृंत’ हे विशेषण कसे वापरावे

वनस्पतींची शास्त्रीय वर्णने मराठीत वाचणाऱ्याला ‘पाने साधी, संमुख, अवृंत’ अशी एखादी ओळ कधी ना कधी भेटतेच. त्यातले ‘साधी’ कळते, ‘संमुख’ म्हणजे समोरासमोर असणार हा अंदाज बांधता येतो, पण ‘अवृंत’पाशी बहुतेक जण थबकतात आणि पुढे जातात. हा शब्द ओलांडून गेले तर वर्णनातली निम्मी ओळख हातची जाते, आणि अर्थ नीट न समजता तो स्वतःच्या लेखनात वापरला तर वाचणाऱ्याला भलत्याच झाडाशी नेऊन सोडले जाते. शब्द अवघड नाही. तो कशाला लावायचा हे ठरवणे तेवढे अवघड आहे.

संस्कृतात वृंत म्हणजे देठ. ज्याला देठ आहे ते सवृंत आणि ज्याला नाही ते अवृंत, इतकी ही सरळ जोडी आहे. शाळेच्या जीवशास्त्रात फुलाचे भाग शिकताना आपण ‘कुक्षीवृंत’ पाठ केलेला असतो, त्यातला ‘वृंत’ हाच. संस्कृतात वांग्याला ‘वृंताक’ असेही नाव आहे, आणि भरल्या वांग्याचे देठ काढू न देणाऱ्या घरांत तरी हा शब्द लक्षात राहायला हरकत नसावी. लॅटिनमध्ये याच अर्थाने ‘सेसिलिस’ हे विशेषण आहे आणि ते ‘बसणे’ या क्रियापदावरून आलेले आहे. लॅटिन शब्द पान फांदीवर थेट बसले आहे असे सांगतो, संस्कृत शब्द मधला देठ नाही असे सांगतो. झाडापाशी उभे राहून निर्णय घ्यायचा असेल तेव्हा मला लॅटिनमधले चित्र जास्त उपयोगी पडते: पाते फांदीवर बसले आहे, की देठावर उभे आहे?

हे तपासायला फार दूर जावे लागत नाही. गणपतीच्या पत्रीत रुई, बेल, आघाडा आणि दूर्वा असतात, आणि अवृंत या शब्दाच्या जवळजवळ सगळ्या खाचाखोचा या चौघांत मिळून सापडतात. अट एकच, बाजारातली सुटी पाने घेऊन बसू नये. सुट्या पानावरून ते अवृंत आहे की नाही हे खात्रीने सांगता येत नाही, कारण तोडताना देठ फांदीलाच राहिला असेल किंवा उलट फांदीची साल पानाबरोबर सोलून आली असेल. दोनतीन पेरांची डहाळी हवी, आणि शक्य असेल तर दहापट मोठे दाखवणारे भिंग हवे.

रुईपासून सुरुवात करावी. पाने समोरासमोर येतात, जाड असतात, आणि त्यांच्यावर, विशेषतः पाठीवर, कापसासारखी पांढरी लव असते. मारुतीसाठी रुईच्या पानांची माळ करणाऱ्याला माहीत असते की या पानाला चिमटीत धरायला देठ म्हणून काही मिळत नाही. पानाचा तळ हृदयाकृती असून त्याचे दोन्ही कान खोडाला दोन बाजूंनी मिठी मारतात. पान हळूच खाली वाकवून या दोन कानांच्या मधे पाहिले तर कधी अगदीच आखूड, जाडसर देठ दिसतो आणि कधी तोही दिसत नाही. म्हणून रुईचे वर्णन करताना ‘पाने अवृंत किंवा जवळजवळ अवृंत’ असे लिहिणे योग्य ठरते. हे तपासताना पान तोडू नये. पांढरा चीक डोळ्यांत गेला तर डोळ्यांना गंभीर इजा होऊ शकते.

‘जवळजवळ अवृंत’ ही पळवाट नव्हे. किती मिलिमीटरपर्यंतचा देठ नाहीसा धरायचा याची सर्वमान्य रेघ आखलेली नाही, आणि एकाच झाडावर दोन्ही प्रकार दिसू शकतात. गुलबक्षीची खालची पाने चांगली देठाची असतात आणि शेंड्याकडे जावे तसा देठ आखूड होत फुलांजवळची पाने जवळजवळ अवृंत होतात. अशा वेळी ‘खालची पाने सवृंत, वरची जवळजवळ अवृंत’ असे स्थान सांगून लिहावे. काही जण यासाठी नवनवे सामासिक शब्द घडवतात, परंतु ‘फार आखूड देठाची’ म्हटल्याने शास्त्राचे काही बिघडत नाही आणि वाचकाला कोश उघडावा लागत नाही.

आता बेल. इथे मी स्वतः एकदा फसलो आहे. एका बागेतल्या झाडांच्या पाट्यांचा मजकूर लिहिताना बेलाखाली ‘पाने अवृंत’ असे लिहून मोकळा झालो होतो, आणि पाटी रंगवून झाल्यावर एका माळीकाकांनी बेलाची डहाळी पुढे करून विचारले, “मग हा काय लोंबतोय?” तो देठच होता. बेलाचे ज्याला आपण त्रिदल म्हणतो ते तीन पाने नसून एकच संयुक्त पान आहे, आणि त्या पानाला स्वच्छ दिसणारा देठ आहे. माझी नजर गेली होती ती बाजूच्या दोन दलांकडे. ती दोन दले खरोखरच जवळजवळ अवृंत असतात, मधल्या दलाला मात्र स्वतःचा वेगळा देठ असतो. त्रिदल डोळ्यांसमोर धरून पाहिले की हा फरक इतका उघड दिसतो की इतकी वर्षे तो कसा दिसला नाही याचेच नवल वाटते. बेलाचे बरोबर वर्णन असे होईल: ‘पाने संयुक्त, त्रिदली, सवृंत, बाजूची दले जवळजवळ अवृंत, टोकाचे दल सवृंत.’

पान कोणते आणि दल कोणते हे ओळखण्याची रीत पक्की आहे. देठ आणि फांदी यांच्या बेचक्यात, म्हणजे पानाच्या कक्षात, कळी असते. दलाच्या बेचक्यात ती नसते. बेलाच्या बाबतीत पानाच्या कक्षात पुष्कळदा काटेही असतात, त्यामुळे काम आणखी सोपे होते. आधी कळी शोधावी, तिच्यावरून पान ठरवावे, आणि मगच देठाचा विचार करावा.

बेलाच्याच कुळातले पपनस आणखी एक चकवा देते. त्याच्या देठाला दोन्ही बाजूंनी रुंद पंख असतात, त्यामुळे देठच छोट्या पानासारखा दिसतो आणि घाईत पाहणारा ‘पान थेट फांदीवर बसले आहे’ असे म्हणून जातो. देठ आणि पाते यांच्यामध्ये स्पष्ट सांधा असतो. सांध्याच्या खालचा रुंद भाग कितीही हिरवा आणि पसरट असला तरी तो देठच होय, म्हणून पपनसाचे पान सवृंत. याउलट ज्या पानाचे पाते तळाकडे निमुळते होत जाते तिथे देठाचा भास होतो. पात्याची कड अगदी फांदीपर्यंत पोचते का, हे भिंगातून पाहिल्याशिवाय अशा पानाबद्दल लिहू नये.

दूर्वा हातात घेतली की प्रश्न पडतो, की हिच्या पात्याला देठ दिसत नाही, मग ही अवृंत का म्हणू नये? शब्दशः पाहिले तर चूक नाही, पण गवताच्या पानाचा खालचा भाग नळीसारखा खोडाला वेढून असतो आणि पाते त्या आवरणाच्या वरच्या टोकापासून सुरू होते. ज्वारीचे धाट सोलताना आपण हेच आवरण सोलून काढतो. गवतांच्या वर्णनात हे आवरण केवढे, उघडे की बंद, लवदार की गुळगुळीत, हे महत्त्वाचे असते. नुसते ‘अवृंत’ लिहून काहीच वेगळे कळत नाही. बांबूच्या पात्याला तर आवरणाच्या टोकाशी आखूड देठासारखा भागही असतो. तेव्हा गवतांपुरता हा शब्द बाजूला ठेवावा, असे माझे मत आहे.

‘अवृंत’ आणि ‘खोडाला वेढणारे’ या दोन गोष्टीही वेगळ्या ठेवाव्यात. पिवळ्या धोत्र्याची खोडावरची काटेरी, पांढऱ्या शिरांची पाने अवृंत असतात आणि शिवाय तळाशी खोडाला अर्धवट वेढतात. झिनियाच्या समोरासमोरच्या पानांचेही तसेच. वेढणे दिसत असेल तर ते वेगळे नोंदवावे.

आघाड्यापाशी आल्यावर विषय पानांवरून फुलांकडे जातो. आघाड्याची पाने सवृंत आहेत, फुले अवृंत आहेत. पावसाळ्यानंतर रानातून चालताना धोतराला, साडीला, पायमोज्यांना जी टोचरी फळे चिकटतात, ती ज्या लांब दांड्यावर असतात तो पाहावा. प्रत्येक फूल मधे देठ न ठेवता दांड्याला टेकलेले असते. अशा फुलोऱ्याला कणिश म्हणतात. बहाव्याच्या पिवळ्या झुंबरात प्रत्येक फूल स्वतःच्या बारीक देठावर लोंबते, म्हणून ती मंजरी. कणिश आणि मंजरी यांच्यातला मुख्य भेद फुले अवृंत की सवृंत एवढाच आहे, आणि कुळे ओळखताना तो पुन्हा पुन्हा कामाला येतो. सह्याद्रीतल्या कुंभ्याची मोठी, पांढरट, असंख्य केसरांची फुले पाहिली आणि त्यांना देठ नाहीत हे लक्षात आले, तर ते झाड पुन्हा ओळखताना चूक होत नाही.

झेंडूच्या बाबतीत शब्द जपून वापरावा. आपण ज्याला झेंडूचे फूल म्हणतो तो अनेक लहान फुलांचा गुच्छ असतो. या गुच्छाला लांब देठ असतो, पण आतली प्रत्येक पुष्पिका बैठकीवर देठाशिवाय बसलेली असते. त्यामुळे ‘झेंडूचे फूल सवृंत’ आणि ‘झेंडूची पुष्पिका अवृंत’ ही दोन्ही विधाने एकाच वेळी खरी ठरतात. बाभळीचा पिवळा, गोल गोंडाही याच जातीचा: गोंडा देठावर, आतली फुले अवृंत. अफूच्या बोंडावर जो चकतीसारखा मुकुट दिसतो ती अवृंत कुक्षी (परागकण झेलणारा भाग) होय; तिथे नसलेला देठ म्हणजे कुक्षीवृंत.

यावरून नियम निघतो तो असा, की ‘अवृंत’ लिहिण्याआधी त्याचे विशेष्य लिहून टाकावे. ‘ही वनस्पती अवृंत आहे’ हे वाक्य निरर्थक आहे. युरोपातल्या दोन ओक वृक्षांचे उदाहरण यासाठी मला फार आवडते. तिथे ज्याला ‘अवृंत ओक’ अशा अर्थाचे नाव आहे त्या क्वर्कस पेट्रियाच्या पानांना चांगला देठ असतो; अवृंत असतात ती त्याची फळे. उलट ‘सवृंत ओक’ म्हणवणाऱ्या क्वर्कस रोबरची फळे लांब दांड्यावर येतात आणि पाने जवळजवळ अवृंत असतात. नावावरून पाने तपासू गेलेला नवखा माणूस दोन्ही वृक्षांची नेमकी अदलाबदल करतो. आपल्याकडे पाणथळ जागी वाढणाऱ्या कांचरीला स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने 1753 मध्ये ‘सेसिलिस’ हे जातिविशेषण दिले. तिच्या पानांच्या बगलेत पांढरट फुलांचे बिनदेठाचे गुच्छ बसलेले असतात, हे पाहिले की नाव पटते.

भाषेच्या अंगाने चारपाच गोष्टी सांभाळाव्यात. ‘अवृंत’ हे अविकारी विशेषण आहे: अवृंत पान, अवृंत फुले, अवृंत कुक्षी. ‘अवृंती’ किंवा ‘अवृंते’ अशी रूपे करू नयेत. ‘बिनदेठाचा’ हा शब्द मात्र लिंगवचनाप्रमाणे बदलतो: बिनदेठाची पाने, बिनदेठाचे फूल. लिहिताना ‘वृ’ हवा, ‘व्रु’ नको. आणि शेवटी ‘त’ हवा, ‘द’ नको, कारण वृंद म्हणजे समूह, आणि ‘अवृंद पाने’ असे छापून आलेले मी पाहिले आहे. प्राण्यांच्या वर्णनात ‘सेसिलिस’वरून आलेला इंग्रजीतला ‘सेसाइल’ हा शब्द एका जागी चिकटून राहण्याच्या अर्थाने येतो. स्पंज किंवा प्रवाळ यांना ‘अवृंत’ न म्हणता ‘स्थानबद्ध’ म्हणावे. वैद्यकीय अहवालातल्या ‘सेसाइल पॉलिप’चा अर्थ मात्र बिनदेठाची गाठ असाच होतो, तरी रुग्णाला समजावताना ‘बिनदेठाची’ हाच शब्द बरा.

अवृंत लिहावे की बिनदेठाचे, हा प्रश्न वाचक पाहून सोडवावा. ओळख पटवण्याच्या कोष्टकात, जिथे सवृंत–अवृंत अशी जोडी समोरासमोर ठेवायची असते, तिथे संस्कृत शब्द आटोपशीर पडतो. बागेतल्या पाटीवर किंवा मुलांच्या सहलीच्या टिपणात ‘बिनदेठाची’ लिहावे. लांब लेखात पहिल्यांदा ‘अवृंत (बिनदेठाची)’ असे लिहून पुढे नुसते ‘अवृंत’ चालवता येते.

शेवटी एक टिपण दुरुस्त करून पाहू. ‘रुई: पाने व फुले अवृंत, पांढरट-जांभळी.’ इथे एका विशेषणाला दोन विशेष्ये जोडली गेली आहेत आणि रंगही दोघांकडे गेला आहे. डहाळी पाहिली तर रुईची फुले झुबक्यात, प्रत्येक आपापल्या देठावर असतात. दुरुस्त टिपण असे: ‘रुई: पाने साधी, संमुख, अवृंत किंवा जवळजवळ अवृंत, तळ हृदयाकृती व खोडाला अर्धवट वेढणारा, फुले सवृंत, झुबक्यात, पांढरट-जांभळी.’ ओळ वाढली खरी, पण ती हातात घेऊन माळावर गेलेल्याला रुई सापडेल.