रिपोर्टवर ‘आर-एच निगेटिव्ह’ आलंय? मग एवढं करा

२०२३च्या होळीला भाचीचा वाकडहून फोन आला. “मावशी, माझं निगेटिव्ह आलंय गं.” करोनाची सवय सुटली नव्हती, मी म्हटलं, “बरं झालं की!” पलीकडे शांतता. मग कळलं, तिला तिसरा महिना होता आणि रिपोर्ट रक्तगटाचा होता, बी निगेटिव्ह. सासूबाई विचारत होत्या, यावर औषध काय?

औषध कशाला, हा आजारच नाही. मी पुण्यातल्या एका रक्तपेढीत एकोणतीस वर्षं टाइलवर रक्तावर गट तपासायच्या द्रावणांचे थेंब टाकण्यात काढली. निळं अँटी-ए, पिवळं अँटी-बी आणि पाण्यासारखं रंगहीन अँटी-डी. तिसऱ्या थेंबात रक्ताच्या गुठळ्या धरल्या की पॉझिटिव्ह, नाही धरल्या की निगेटिव्ह. म्हणजे तांबड्या पेशींवर ‘डी’ नावाचं एक प्रथिन नाही, बस. आपल्याकडे शंभरात साधारण पाच जण असे निघतात. ‘आर-एच’ हे नाव ऱ्हीसस माकडावरून आलं. लँडस्टायनर आणि वीनर यांनी १९४० साली त्याचं रक्त वापरून हा गट दाखवला. पुढे कळलं की माकडाचं ते प्रथिन आणि आपलं डी वेगवेगळी आहेत, पण नाव चिकटलं ते चिकटलं.

भाचीला पहिलं काम सांगितलं ते नवऱ्याचा गट तपासायचं. तो म्हणे लायसन्सवर लिहिलाय. लायसन्सवर फॉर्ममध्ये भरलेलं येतं, रक्त नाही तपासत कोणी! तपासला, ओ पॉझिटिव्ह निघाला. म्हणजे बाळ पॉझिटिव्ह असू शकतं. बाळाच्या थोड्या पेशी आईच्या रक्तात मिसळतात, बहुतेक वेळा बाळंतपणात. आईच्या शरीराला डी परका, ते त्याविरुद्ध प्रतिपिंडं (अँटीबॉडी) तयार करतं. याला वेळ लागतो, म्हणून पहिलं बाळ सहसा सुटतं. पुढचं पॉझिटिव्ह असेल तर तीच प्रतिपिंडं वारेतून त्याच्यापर्यंत जातात आणि त्याच्या तांबड्या पेशी फोडतात. पोटातच रक्त कमी होतं, जन्मल्यावर जबर कावीळ होते.

दुसरं काम आयसीटी, म्हणजे इनडायरेक्ट कूम्ब्स टेस्ट. आईच्या रक्तात ही प्रतिपिंडं आधीच आहेत का, ते यात कळतं. नाव नोंदवताना एकदा आणि अठ्ठाविसाव्या आठवड्यात पुन्हा करतात. दुसऱ्या वेळी रक्त अँटी-डीच्या इंजेक्शनच्या आधी द्यायचं (यात डीविरुद्धची तयार प्रतिपिंडं असतात), नाहीतर टोचलेलंच अँटी-डी टेस्टमध्ये दिसतं आणि सगळे गोंधळतात. आईनेच तयार केलेली प्रतिपिंडं सापडली तर मात्र अँटी-डीचा उपयोग उरत नाही. मग बाळावर सोनोग्राफीने बारीक लक्ष ठेवावं लागतं.

टेस्ट निगेटिव्ह असेल तर अठ्ठाविसाव्या आठवड्यात अँटी-डी, साधारण ३०० मायक्रोग्रॅम. बाळाला नाही, आईला. बाळाच्या चुकार पेशी आईच्या शरीराने दखल घेण्याआधीच ते संपवतं. अठ्ठावीस आठवडे म्हणजे सातवा महिना. डोहाळजेवणाला फुलांचे दागिने सांगाल तेव्हाच ही तारीखही कॅलेंडरवर लिहा. भाचीचं इंजेक्शन आषाढी झाल्यावर आठवड्याने झालं.

बाळंतपणानंतर नाळेतल्या रक्तावरून बाळाचा गट तपासतात. पॉझिटिव्ह असेल तर ७२ तासांच्या आत पुन्हा इंजेक्शन, निगेटिव्ह असेल तर गरज नाही.

आणि आता ज्यासाठी हे लिहायला बसले ते. गर्भपात झाला, गर्भ नळीत राहिला, मधेच रक्तस्राव झाला, पोटावर पडलात, तरी अँटी-डीचं त्याच दिवशी विचारा. माझ्या थोरल्या वहिनीचं पहिलं तिसऱ्या महिन्यात पडलं. एका दवाखान्यात पिशवी साफ केली, गटाचा कागद फाइलला लावला आणि घरी पाठवलं. कोणी अवाक्षर काढलं नाही. दोन वर्षांनी मुलगी झाली ती पहिल्याच दिवशी हळदीसारखी पिवळी. तिचं सगळं रक्त बदलावं लागलं. दादा निगेटिव्ह रक्ताच्या पिशव्या आणायला रात्री स्कूटरवरून फिरला. मुलगी वाचली. तेव्हा मी कॉलेजात होते. या कामात पडले ती त्यामुळेच असेल.

रक्ताची सोयही आधी बघून ठेवा. निगेटिव्ह बाईला, विशेषतः मूल व्हायचंय अशा मुलीला, पॉझिटिव्ह रक्त देणं टाळतात. सख्ख्या भावंडांचे गट तपासा, घरातच दाता सापडण्याची शक्यता असते. पण सगळ्यांना आजच रक्त द्यायला पिटाळू नका. पिशवी पाच-सहा आठवड्यांत बाद होते. नंबर घेऊन ठेवा, जवळच्या रक्तपेढीत सांगून ठेवा. आणि पावसाळ्यात डेंग्यूने प्लेटलेट चढवायची वेळ आली तर तुमचा गट बजावून सांगा. पॉझिटिव्ह दात्याच्या प्लेटलेटमध्येही थोड्या तांबड्या पेशी येतात, मग अँटी-डी द्यायचं का ते डॉक्टरांना ठरवता येतं.

भाची बाळंतपणाला माहेरी, नारायण पेठेत आली. पहिलटकरणीचे कागद सासरी राहतात हा माझा अनुभव, म्हणून फाइलच्या पुठ्ठ्यावर मी लाल स्केचपेनने लिहिलं होतं, ‘बी निगेटिव्ह, आयसीटी निगेटिव्ह’, खाली इंजेक्शनची तारीख. बाळ नेमकं अनंत चतुर्दशीला झालं. मुलगा, बी पॉझिटिव्ह. लक्ष्मी रोड बंद, टिळक रोड बंद, ढोल-ताशा सुरू. हे इंजेक्शन दोन ते आठ डिग्रीत ठेवावं लागतं. जावयाने ते बर्फाच्या थर्मासमध्ये घालून मिरवणुकीतून चालत आणलं. पोचायला तास लागला, पण ७२ मधले अजून बासष्ट शिल्लक होते.