कॅलिफोर्नियात गांजाच्या बिलावरचा टॅक्स: आकडा जुळवायचा कसा

शेल्फवर ५० डॉलर लिहिलेली गांजाची बरणी काउंटरवर ६९.४२ ची होते आणि मग आमच्या ग्रुपमधलं कोणीतरी मला बिलाचा फोटो पाठवतं, "बघ रे, लुटलं का मला?" नाही लुटलं. लॉस एंजेलिसमध्ये तेवढंच होतं. पाठीच्या ऑपरेशननंतर गेली काही वर्षं मी महिन्यातून एकदोनदा डिस्पेन्सरीत, म्हणजे गांजाच्या दुकानात, जातो, कधी मेडिकल म्हणून कधी नुसता एकवीसच्या वरचा गिऱ्हाईक म्हणून, आणि वडिलांचं किराणा दुकान असल्यामुळे बिल न वाचता खिशात टाकायची सवय नाही. त्यामुळे हे सगळं मी पैसे घालवून शिकलोय. नेटवर जे वाचायला मिळतं त्यातलं निम्मं जुनं आहे आणि उरलेल्यात "साधारण ३५ टक्के धरा" असलं काहीतरी असतं. साधारण धरायचंच असेल तर हा लेख वाचू नका.

आयडी, वय, दुकान लायसन्सवालं आहे का, हे तुम्ही बघितलेलंच असणार असं धरतो.

१. आधी जुने लेख बंद करा

प्रौढांसाठीची विक्री इथे १ जानेवारी २०१८ ला सुरू झाली आणि तेव्हापासून नियम इतक्यांदा बदललेत की चार वर्षांपूर्वीचा लेखही उपयोगाचा नाही. लागवडीवरचा टॅक्स १ जुलै २०२२ ला गेला, तो शोधू नका. एक्साइज, म्हणजे राज्याचा गांजावरचा खास टॅक्स, आधी डिस्ट्रिब्युटर गोळा करायचा, तेही कसल्यातरी सरासरी बाजारभावाच्या हिशोबावर. १ जानेवारी २०२३ पासून दुकानदार तुमच्या प्रत्यक्ष खरेदीवर घेतो. दर १५ टक्के. मध्येच १ जुलै २०२५ ला तो १९ झाला, लोकांनी आरडाओरडा केला, आणि १ ऑक्टोबर २०२५ पासून परत १५ वर आणला, तो ३० जून २०२८ पर्यंत तसाच राहायचाय. म्हणजे १९ टक्के लिहिलेला लेख दिसला तर तो त्या तीन महिन्यांत लिहिलेला आहे असं समजा.

२. तुमच्या शहराचे दोन दर काढा

एक सेल्स टॅक्स, एक गांजावरचा शहराचा बिझनेस टॅक्स. राज्याचा किमान सेल्स टॅक्स ७.२५ आहे, त्याच्यावर काउंटी आणि शहर आपापलं लावतात. एलए (लॉस एंजेलिस) शहरात मिळून ९.७५. राज्याच्या टॅक्स खात्याच्या साइटवर पत्ता टाकला की दर दिसतो, दोन मिनिटांचं काम आहे. शहराचा बिझनेस टॅक्स मात्र शहराच्या फायनान्स खात्याच्या पानावर बघायचा. एलएमध्ये प्रौढ (म्हणजे मेडिकल नसलेल्या) विक्रीवर १० टक्के, मेडिकल विक्रीवर ५.

३. आता उतरंड लावा (इथेच सगळे चुकतात, मीही चुकलो होतो)

पहिलं वर्षभर मी काय करायचो (आजच्या दरांत सांगतो), १० अधिक १५ अधिक ९.७५, म्हणजे ३४.७५ टक्के, म्हणजे ५० वर १७.३८, झाले ६७.३८. बिल यायचं ६९.४२. दोन डॉलर जास्त. पहिल्यांदा सोडून दिलं, दुसऱ्यांदा सोडून दिलं, तिसऱ्यांदा काउंटरवरच्या पोराशी वाद घातला, मागे सहा लोकांची लाइन, आणि तो बिचारा म्हणतोय सर मशीन करतं हे, मी म्हणतोय मशीनला सांगा बेरीज शिकायला. मशीन बरोबर होतं. मी घरी येऊन पेन्सिल घेऊन बसलो तेव्हा कळलं.

हे तीन टॅक्स शेजारी शेजारी उभे नाहीत, एकमेकांच्या डोक्यावर उभे आहेत. आपल्याकडे पेट्रोलचं असतं ना, केंद्राची एक्साइज आधी किमतीत मिसळते आणि मग त्या फुगलेल्या रकमेवर राज्याचा व्हॅट, तस्संच. टॅक्सवर टॅक्स.

क्रम असा. आधी मालाची किंमत, ५०. त्यावर शहराचा १० टक्के, ५ डॉलर, झाले ५५. आता नीट बघा, एक्साइजचे १५ टक्के ५० वर नाहीत, ५५ वर आहेत, म्हणजे ८.२५, झाले ६३.२५. आणि सेल्स टॅक्स या ६३.२५ वर, ९.७५ टक्क्यांनी ६.१७. एकूण ६९.४२. टक्क्यांत बघितलं तर ३४.७५ नाही, जवळजवळ ३८.८.

शहराचा टॅक्स कायद्याने खरं तर दुकानदाराच्या धंद्यावर आहे, तुमच्यावर नाही. पण त्याने तो बिलात वेगळी ओळ करून तुमच्याकडून घेतला की ती रक्कम विक्रीच्या पैशातच धरली जाते, आणि म्हणून वरचे दोन्ही टॅक्स तिच्यावरही लागतात. काही दुकानं ही ओळ दाखवतच नाहीत, किमतीतच मुरवून टाकतात. मग बिलावर फक्त एक्साइज आणि सेल्स टॅक्स दिसतो आणि लोकांना वाटतं अरे वा, इथे शहराचा टॅक्सच नाही. आहे, फक्त शेल्फच्या आकड्यात लपलाय.

एवढं करायचा कंटाळा येत असेल तर एकच आकडा फोनमध्ये सेव्ह करून ठेवा. १.१० गुणिले १.१५ गुणिले १.०९७५, उत्तर १.३८८. एलए शहरात प्रौढ खरेदी असेल तर शेल्फची किंमत गुणिले १.३८८, संपलं. तुमच्या शहराचे दर घालून तुमचा आकडा काढा. मात्र बेरीज करायची नाही, गुणाकार करायचा. ही एक गोष्ट डोक्यात बसली की बाकी सगळं सोपं आहे, नाही बसली तर दर वेळेला दोन डॉलरसाठी कोणाशी तरी भांडाल.

शहर बदललं की किती फरक पडतो ते बघा. सॅन फ्रान्सिस्कोत २०१८ ला मतदारांनी गांजावर टॅक्स मंजूर केला खरा, पण तिथल्या सुपरवायझर्सनी, म्हणजे निवडून आलेल्या शहर मंडळाने, तो सारखा पुढे ढकलला. त्यामुळे तिथे शहराची ओळ शून्य, एक्साइज ७.५०, सेल्स टॅक्स ८.६२५ टक्क्यांनी ४.९६, एकूण ६२.४६. तीच ५० डॉलरची बरणी, सात डॉलरचा फरक. म्हणून बे एरियातल्या (सॅन फ्रान्सिस्कोच्या बाजूच्या) मित्राने सांगितलेला "आमच्याकडे एवढंच पडतं" हा आकडा एलएला लावू नका. कितीतरी शहरांत तर दुकानाला परवानगीच नाही, तिथले लोक शेजारच्या शहरात जाऊन त्या शहराचे दर भरतात.

४. दुकानांची तुलना करताना

एका दुकानाच्या बोर्डवर लिहिलेलं असतं "६० टॅक्ससकट", दुसऱ्यावर "४५" आणि खाली बारीक अक्षरात टॅक्स वेगळा. डोळा ४५ कडे जातो. ४५ गुणिले १.३८८ करा, ६२.४६ येतात. ६० वालं स्वस्त आहे. उलटं करायचं असेल तर ६० भागिले १.३८८, म्हणजे खरी किंमत ४३.२३.

दुकानाने स्वतः दिलेला डिस्काउंट आधी वजा होतो, टॅक्स उरलेल्या रकमेवर. ५० वर २० टक्के सूट असेल तर ४० चे ५५.५३ होतात, म्हणजे १० डॉलरची सूट खिशात १३.८९ ची पडते. म्हणून मी सेलच्या दिवशीच जातो, आणि ज्या दुकानाने सूट टॅक्स लावल्यानंतर वजा केली तिथे तोंड उघडतो.

कागद, ग्राइंडर, व्हेपची बॅटरी या वस्तूंवर एक्साइज नाही, फक्त सेल्स टॅक्स. पण त्या बिलात वेगळ्या किमतीने लिहिलेल्या हव्यात. सगळं एका किमतीत बांधून "कॉम्बो" घेतलंत तर पूर्ण रकमेवर एक्साइज बसते. कॉम्बो घेऊ नका.

डेबिट कार्डवर येणारे दोनतीन डॉलर ही मशीनची फी आहे, टॅक्स नाही, कॅश न्या.

५. मेडिकल कार्ड: कुठलं खरं

"मेडिकलला टॅक्स नसतो" हे मी इतक्यांदा ऐकलंय की आता राग पण येत नाही. मेडिकल असलं तरी एक्साइज लागतेच, पूर्ण १५ टक्के. माफ होतो तो फक्त सेल्स टॅक्स, आणि तोही एकाच कार्डावर, काउंटीच्या आरोग्य खात्यातून मिळणारं राज्याचं मेडिकल मारिजुआना ओळखपत्र.

मी पहिल्यांदा ऑनलाइन एका वेबसाइटवर पैसे भरले, पाच मिनिटं व्हिडिओवर डॉक्टर बोलला, आठवड्यात घरी माझ्या फोटोचं चकचकीत प्लॅस्टिक कार्ड आलं. ऐटीत काउंटरवर ठेवलं. मुलीने हसून परत दिलं, सेल्स टॅक्स जसाच्या तसा. ते कार्ड म्हणजे डॉक्टरच्या शिफारसपत्राची शोभेची आवृत्ती. शिफारसपत्र लागतं, नक्की लागतं, पण ते घेऊन काउंटीकडे अर्ज करायला. नुसत्या पत्रावर सेल्स टॅक्स सुटत नाही. त्यामुळे प्लॅस्टिक कार्डासाठी जादा पैसे मागणाऱ्याला सरळ नाही म्हणा.

काउंटीची फी १०० डॉलरच्या वर जाऊ शकत नाही, मेडि-कॅल (कमी उत्पन्नवाल्यांसाठीचा राज्याचा आरोग्य विमा) असेल तर निम्मी, आणि कार्ड वर्षभर चालतं. परवडतं का? एलएमध्ये कार्डावर ५० ची बरणी अशी पडते: शहराचा ५ टक्के म्हणजे २.५०, एक्साइज ५२.५० वर ७.८८, सेल्स टॅक्स शून्य, एकूण ६०.३८. प्रौढ बिलापेक्षा ९.०४ कमी. म्हणजे १०० डॉलर वसूल व्हायला अशा बारा खरेद्या हव्यात, डॉक्टरची फी वेगळीच. महिन्याला एक बरणी घेणाऱ्याने कार्डाच्या नादी लागू नये असं माझं स्पष्ट मत आहे. दर आठवड्याला घेणाऱ्याने, किंवा घरात कॅन्सरसारखं दुखणं असेल तर, जरूर काढावं. कार्ड आणि आयडी बिल बनायच्या आधी पुढे करायचं. नंतर नाही.

आणि व्हिसावर किंवा ग्रीन कार्डवर असाल तर थांबा. टॅक्स वाचवणं राहू दे बाजूला. राज्यात कायदेशीर असलं तरी इमिग्रेशन फेडरल कायद्याने चालतं, आणि विमानतळावर किंवा इंटरव्ह्यूत "हो, घेतो" एवढं कबूल केलं तरी ते अंगाशी येऊ शकतं. मेडिकल कार्ड म्हणजे तर स्वतःच्या हाताने लिहून ठेवलेला पुरावा. मी सिटिझन झाल्यावर या वाटेला गेलो. तुम्ही आधी वकिलाशी बोला, माझ्याशी नाही. आणि उरलेल्या गमीज (गांजा घातलेल्या चघळायच्या गोळ्या) बॅगेत टाकून मुंबईला जायचा विचार तर स्वप्नातही नको, भारताचा अमली पदार्थांवरचा एनडीपीएस कायदा तुमचं एलएचं बिल बघत नाही.

६. टॅक्स रिटर्नमध्ये

मेडिकल असला तरी हा खर्च फेडरल रिटर्नमध्ये वैद्यकीय खर्च म्हणून दाखवता येत नाही, आयआरएसच्या (फेडरल टॅक्स खात्याच्या) पब्लिकेशन ५०२ मध्ये स्वच्छ लिहिलंय. दुकानदाराचं दुखणं आणखी मोठं, फेडरल टॅक्स कायद्यातल्या १९८२ च्या २८०ई कलमामुळे, जे फेडरल कायद्याने बंदी असलेल्या मालाच्या धंद्याला लागतं, त्याला भाडं, पगार हे नेहमीचे खर्चसुद्धा वजा करता आले नाहीत. ते पैसे त्याने कुठून काढले असतील ते शेल्फवरच्या किमतीत दिसतं.

७. आकडा जुळला नाही तर

दुकानातच, तिथल्या तिथे. आवाज न चढवता कॅल्क्युलेटर पुढे करायचा आणि विचारायचं, कुठली ओळ कितीवर लावली ते दाखवा. ऑक्टोबर २०२५ च्या पहिल्या आठवड्यात माझ्या ५० च्या बरणीचं बिल ७१.८३ आलं. मला उत्तर आधीच माहीत होतं, मशीनमध्ये अजून जुना १९ टक्के बसलेला. मॅनेजर आला, बघितलं, सॉरी म्हणाला आणि ५५ वर ४ टक्के म्हणून २.२० परत दिले. मी म्हटलं, त्या २.२० वर सेल्स टॅक्स पण घेतलाय तुम्ही, अजून २१ सेंट. त्याने दिले.