फँटसी कथेसाठी जादूच्या रूनचा सिद्धांत रचताय? या चुका टाळा

आइसलंडमध्ये तेराव्या शतकात लिहिलेल्या एगिलच्या गाथेत एक प्रसंग आहे. एगिल हा योद्धा आणि कवी एका घरी मुक्कामाला येतो. घरातली मुलगी कधीची अंथरुणाला खिळलेली. काही उपाय केला का, असं तो विचारतो. घरचे सांगतात, जवळच्याच एका शेतकऱ्याच्या पोराने रून (उत्तर युरोपातली जुनी कोरीव अक्षरं) कोरून दिले, पण दुखणं उलट वाढलं. एगिल अंथरूण उचलायला लावतो. आत देवमाशाच्या हाडासारख्या पट्टीवर दहा गूढ अक्षरं कोरलेली सापडतात. तो ती वाचतो, खरवडून काढतो, जाळून टाकतो आणि नवे रून कोरून उशीखाली ठेवतो. मुलगी बरी होते. पुढे कळतं, त्या पोराला प्रेमाचे रून कोरायचे होते. जमले नाहीत, एवढंच.

फँटसी लिहिणाऱ्या मित्रमैत्रिणींची हस्तलिखितं वाचताना मला हा पोरगा हटकून आठवतो, कारण त्यांच्या जगात तो नसतोच. तिथे कुणीही रून कोरावा आणि तो चालावा. असला सिद्धांत मग शोभेपुरता उरतो. तुमच्या जगात रून चुकला तर नेमकं काय होतं, हे आधी ठरवा. बाकीचं निम्मं काम त्यातूनच होतं.

कागदावर काढलेले रून

वहीत वळणदार चिन्हं काढायची आणि कथेत ती वीराने तलवारीच्या टोकाने ओंडक्यावर कोरायची, ही चूक मीही केली आहे. मग एकदा सुताराकडून सागाची पट्टी आणली आणि पटाशीने माझाच एक रून कोरून पाहिला. उभ्या आणि तिरक्या रेघा झकास उतरल्या. तंतूंच्या दिशेने आडवी रेघ मारायला गेलो तर पटाशी घसरली आणि बोटभर ढलपी निघाली. गोल वळणाचं तर नावच नको. खऱ्या जुन्या रूनमध्ये बहुतेक उभ्या-तिरक्याच रेघा दिसतात, त्याचं कारण सहसा हेच सांगितलं जातं. उलट आपली मोडी बोरूने, शक्यतो हात न उचलता लिहायची, म्हणून ती गोलाकार. आधी हत्यार ठरवा, मग अक्षर.

त्या ढलपीने मला माझा सिद्धांतही दिला. माझ्या जगातले पंडित शिकवतात की देवांना आडवी रेघ सहन होत नाही. खरं कारण लाकूड. मग डोंगरापलीकडून दगडफोडे येतात, दगडावर आडव्या रेघा बिनधास्त कोरतात, आणि त्यांचे मंत्रही लागू पडतात. पंडितांची जी तारांबळ उडते, तीच माझी कादंबरी.

एक रून, एक अर्थ

हा अग्नीचा, हा पाण्याचा, हा मृत्यूचा. हस्तलिखितात असा तक्ता दिसला की मी चहा ठेवायला उठतो. खरे रून आधी ध्वनी आहेत. प्रत्येकाला नाव होतं, ‘फेहू’ म्हणजे गुरंढोरं, धन. पण लिहिताना तो मुख्यतः ‘फ’. आणि गंमत पुढे आहे. ‘येरा’ म्हणजे वर्ष, सुगी. या रूनचा ध्वनी ‘य’. स्कँडिनेव्हियात बोलीत आरंभीचा ‘य’ गळाला, शब्द ‘आर’ झाला, आणि त्यासोबत रूनचा ध्वनीही ‘अ’ झाला! रूनच्या जुन्या मालिकेत, म्हणजे वर्णमालेत, 24 रून होते. आठव्या शतकाच्या सुमारास ते 16 वर आले, तेही भाषेतले स्वर वाढत असताना. ‘त’ आणि ‘द’ला एकच रून, ‘क’ आणि ‘ग’ला एकच.

जादूसाठी यासारखं खत नाही. समजा, आजोबांनी नावेच्या नाळेवर ‘तार’ असं कोरलं. नातवाच्या काळात त-द एक झाले. भर वादळात त्याने ते मोठ्याने ‘दार’ असं वाचलं, आणि समुद्राने दार उघडलं.

पंडित चुकतच नाही

सगळ्यात जास्त हस्तलिखितं इथेच मरतात. पांढऱ्या दाढीचा आचार्य तीन पानं बोलतो आणि ते ब्रह्मवाक्य. पण लेखकाला ठाऊक असलेला नियम वेगळा आणि त्या जगातल्या विद्वानाने मांडलेला सिद्धांत वेगळा. विद्वानाला हट्ट असतो, आश्रयदाता असतो, शत्रू असतो. खरा इतिहासच बघा. स्वीडनचा योहानेस बुरेउस (1568–1652) जुने शिलालेख गोळा करणारा जाणता माणूस, पण त्याने रूनमधून एक गूढविद्याच उभी केली. विसाव्या शतकात सिगुर्ड आग्रेल या प्राध्यापकाने मांडलं की मालिकेतला पहिला ‘फ’ मुळात शेवटचा. तो हलवला की रूनचे गूढ अंक जुळतात. सापडलेल्या जुन्या मालिका मात्र ‘फ’नेच सुरू होतात. दक्षिण स्वीडनमध्ये लिंडहोल्मला सापडलेल्या हाडावर ‘अ’ सलग आठ वेळा कोरलाय. का, यावर आजही एकमत नाही. तुमच्या जगातही असं एक हाड असू द्या, आणि त्याचं उत्तर देऊ नका.

इथे एक सावधगिरी. व्हिएन्नाच्या गीडो फॉन लिस्टने 1908 मध्ये 18 रूनची स्वतःची मालिका छापली. तिच्यातल्या ‘सिग’ या रूनवरून पुढे नाझींच्या एसएस या दलाचं जोडचिन्ह आलं. इंटरनेटवर ‘प्राचीन’ म्हणून फिरणाऱ्या तक्त्यांत ही मालिकाही असते. मुखपृष्ठावर काही उतरवण्याआधी ते चिन्ह कुठून आलं, एवढं बघाच.

सगळंच मंत्र

नॉर्वेत बर्गनच्या धक्क्यावर 1955 मध्ये आग लागली. नंतरच्या उत्खननात 600हून अधिक रूनलेख मिळाले. बरेचसे लाकडाच्या काड्यांवर, मालावर बांधायच्या मालकांच्या नावाच्या चिठ्ठ्याही त्यात. एका काडीवर ग्यूदाचा निरोप आहे, घरी चल. बाई वैतागली असणार, असं मी आपलं धरून चालतो. ज्या लिपीत वाण्याची चिठ्ठी लिहिता येत नाही, ती लिपी वाटतच नाही, नक्षी वाटते.

राहिला त्या आचार्याचा प्रश्न. त्याची तीन पानं खोडा. त्याऐवजी त्याच्या पोथीच्या समासात दुसऱ्या हाताने लिहिलेलं एकच वाक्य ठेवा: ‘हे मी करून पाहिलं. गोठा जळाला.’