किनाऱ्यावरचा पहिला हंगाम : कासव संवर्धनाच्या कामात येऊ पाहणाऱ्यांसाठी

प्राणिशास्त्राची पदवी घेतल्यावर मी दापोली तालुक्यातल्या एका किनाऱ्यावर ऑलिव्ह रिडले कासवांची घरटी राखण्याच्या कामाला गेले, तेव्हा आपण गावाला काही शिकवायला चाललो आहोत अशी माझी समजूत होती. ती आठवडाभरही टिकली नाही. रात्री मादी वर येऊन गेली की नाही, हे पहाटे वाळूवरून ओळखायला मला ज्या काकांनी शिकवले, ते तरुणपणी हीच अंडी उकरून विकत असत आणि हे त्यांनी मला स्वतःच सांगितले. घरटे शोधण्याची नजर गावात त्यांच्याइतकी कोणाचीच नव्हती, म्हणूनच कासवमित्र म्हणून गावाने त्यांची निवड केली होती. या कामात येऊ पाहणाऱ्या प्रत्येकाने हे आधी समजून घ्यावे, असे मला वाटते.

कोकणातले हे काम सुरू झाले मंडणगड तालुक्यातल्या वेळासला, 2002 साली. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेचे कार्यकर्ते समुद्री गरुडांची पाहणी करत असताना त्यांना किनाऱ्यावर कासवाच्या अंड्यांची टरफले दिसली आणि चौकशीतून अंडीचोरीचा प्रकार उघडकीस आला. भाऊ काटदरे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गावाला विश्वासात घेऊन संरक्षण सुरू केले. पुढे 2006 पासून कासव महोत्सव भरू लागला, पाहुणे गावातल्या घरांत उतरू लागले आणि अंड्यांपेक्षा जिवंत पिल्लांतून गावाला अधिक मिळू लागले. हीच पद्धत नंतर आंजर्ल्यासारख्या इतर गावांनीही स्वीकारली.

आता प्रत्यक्ष कामाविषयी. कोकणात विणीचा हंगाम साधारण नोव्हेंबर ते मार्च असतो. कासवमित्राचा दिवस उजाडण्याआधी सुरू होतो, कारण ऊन चढले, माणसांची वर्दळ झाली किंवा भरती आली की वाळूवरच्या खुणा पुसल्या जातात. मादी भरतीरेषेच्या वर येते, मागच्या पायांनी सुमारे दीड फूट खोल, सुरईच्या आकाराचा खड्डा खणते, त्यात शंभराच्या आसपास अंडी घालते, खड्डा बुजवते आणि अंग दोन्ही बाजूंना आपटून वरची वाळू दाबते. परत जाताना ती वाळू अशी विस्कटून टाकते की नेमकी जागा नवख्याला सापडत नाही. काका काठीचे टोक हलक्या हाताने दाबत पुढे सरकत आणि जिथे काठी भुसभुशीत वाळूत सहज उतरे, तिथे थांबत. काठी किती दाबायची, हे सांगून समजत नाही. मला स्वतःला घरटे सापडायला जानेवारी उजाडला, तोपर्यंत मी केवळ त्यांच्या मागून चालत होते आणि ते चालणे वाया गेले असे मी मुळीच मानत नाही.

घरटे जागेवर सुरक्षित राहणार नसेल, म्हणजे उधाणाचे पाणी पोहोचत असेल किंवा कोल्ह्याकुत्र्यांचा वावर असेल, तर अंडी कुंपण घातलेल्या हॅचरीत हलवावी लागतात. येथे घाई आणि सावधपणा दोन्ही एकाच वेळी लागतात. अंडी घातल्यावर काही तासांतच आतला गर्भ कवचाच्या वरच्या बाजूला चिकटतो आणि त्यानंतर अंडे फिरले तर गर्भ मरतो. म्हणून शक्य तितक्या लवकर, वरची बाजू वरच ठेवून, एकेक अंडे काढायचे आणि मूळ खड्ड्याच्याच खोलीच्या नव्या खड्ड्यात ठेवायचे. माझ्या पहिल्या हंगामात एका सकाळी मी खुणा पाहूनही ‘दुसरे टोक बघून येते’ म्हणत पुढे गेले. परतल्यावर घरटे शोधण्यात आणखी वेळ गेला आणि अंडी हलवली तेव्हा ऊन डोक्यावर आले होते. त्या घरट्यातून फार थोडी पिल्ले बाहेर आली. वेळेची नोंद मी प्रामाणिकपणे लिहिली होती, म्हणूनच कारण कळले. तेव्हापासून घरटे दिसल्याची वेळ आणि अंडी पुरल्याची वेळ अशा दोन्ही वेळा लिहिल्याशिवाय मी पुढचे काम हाती घेत नाही.

पिल्ले साधारण 45 ते 60 दिवसांत बाहेर येतात. किती दिवस लागतील हे वाळूच्या उष्णतेवर अवलंबून असते. पिल्लू नर होणार की मादी हेही त्या उष्णतेवरच ठरते, अधिक तापलेल्या वाळूत माद्या जास्त. त्यामुळे हॅचरीवर सावली कुठे आणि किती पडते, हा किरकोळ प्रश्न नव्हे. दिवस भरत आले की घरट्यावर टोपली ठेवतात आणि सकाळ-संध्याकाळ ती उचलून पाहतात. पिल्ले पाण्यात उचलून टाकायची नाहीत, काही अंतरावर वाळूत सोडायची. ती उजेडाच्या दिशेने चालतात, म्हणून पाहुण्यांचे मोबाइलचे दिवे बंद करायला लावणे हे काम तितकेच महत्त्वाचे आहे. शंभर माणसांना दोरीच्या मागे शांत उभे करणे मला अंडी हलवण्यापेक्षा कठीण गेले.

किनाऱ्यावरचे काम मच्छीमारांना वगळून होत नाही. जाळ्यात कासव अडकले तर जाळे कापावे लागते आणि जाळे म्हणजे त्या कुटुंबाची रोजीरोटी. संरक्षित प्राणी सोडवताना जाळ्याचे नुकसान झाल्यास 25,000 रुपयांपर्यंत भरपाई देण्याची राज्य शासनाची योजना 2018 च्या अखेरीस सुरू झाली. ती तांडेलांना, म्हणजे होड्यांच्या प्रमुखांना, समजावून सांगणे, घटनेचे फोटो कसे काढायचे ते दाखवणे, अर्ज भरायला मदत करणे, हे नवख्या पदवीधराला पहिल्या दिवसापासून जमण्यासारखे काम आहे आणि माझ्या मते याच कामातून किनाऱ्यावरच्या लोकांचा विश्वास मिळतो.

कायद्याची बाजू थोडक्यात सांगते. ऑलिव्ह रिडले हे 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे. म्हणजेच वन विभागाच्या परवानगीशिवाय अंड्यांना हात लावणे हा, हेतू कितीही चांगला असला तरी, गुन्हा ठरतो. म्हणून सुरुवात वनपरिक्षेत्र कार्यालयातून किंवा काम करत असलेल्या स्थानिक गटातून करावी आणि किमान एक संपूर्ण हंगाम गावात राहण्याची तयारी ठेवावी. दोन दिवस येऊन परत जाणाऱ्या स्वयंसेवकांमुळे कासवमित्रांचा वेळच जातो. मानधन अल्प असते, आणि तेही हंगामापुरते, हे घरच्यांना आधी सांगून ठेवावे.

नोंदवहीबद्दल मात्र मला आग्रहाने सांगायचे आहे. 2022 च्या जानेवारीत वेळासला ‘प्रथमा’ नावाच्या मादीला उपग्रह टॅग, म्हणजे तिचा प्रवास उपग्रहावरून कळवणारे यंत्र, लावला गेला आणि 2025 मध्ये ओडिशात टॅग केलेली एक मादी गुहागरला अंडी घालताना आढळली, तेव्हा पूर्व आणि पश्चिम किनाऱ्यांच्या कासवांविषयी नवे प्रश्न उभे राहिले. गुहागरची मादी ओळखता आली, कारण तिच्या पायावरचा टॅग किनाऱ्यावरच्या कोणीतरी पाहिला, त्याचा क्रमांक वाचला आणि तो कळवला. तुमच्या वहीतही तारीख, वेळ, जागा, अंडी, फुटलेली टरफले आणि न उबलेली अंडी यांचे आकडे असेच नेमके असावेत.

मे महिन्यात शेवटची घरटी उकरून टरफले मोजली जातात, हॅचरीची जाळी आणि बांबू काढून कोणाच्या तरी पडवीत ठेवले जातात. त्या वेळीही गावातच राहा. पावसाआधीच्या त्या निवांत आठवड्यात काका आणि मी वही उघडून पूर्ण हंगाम पुन्हा वाचला होता आणि मी ज्या सहा ठिकाणी ‘खुणा नाहीत’ असे लिहिले होते, त्यांतल्या दोन ठिकाणी घरटे होते, हे त्यांनी मला तेव्हा सांगितले.