आर्काइव्हिस्ट व्हायचंय? मग मोडीपासून सुरुवात करा

जुन्या कागदांत, म्हणजे आर्काइव्हिस्ट म्हणून, काम करायचंय पण शिकायचं कुठून असं बरेच जण विचारतात. इतिहासात एमए असेल तर छान, पण माझं मत विचाराल तर आधी मोडी, म्हणजे मराठीची जुनी जोडाक्षरी वळणाची लिपी, शिका, कारण पुण्याच्या पेशवे दफ्तरातले लाखो कागद मोडीत आहेत आणि ते घडाघडा वाचणारी माणसं फार कमी उरलीत. बाळबोध (आपली नेहमीची देवनागरी) येतंय म्हणून मोडी आपोआप येत नाही, अक्षरं जोडलेली, शब्द कुठे तुटतो कळत नाही, रोज एक पान वाचत राहिलात तरच हात बसतो. गोव्यात काम करायचं तर पोर्तुगीज हवीच.

ट्रेनिंगसाठी दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागाराचा (नॅशनल आर्काइव्ह्जचा) डिप्लोमा आहे, तो बघा. १९९३ चा सार्वजनिक अभिलेख (म्हणजे सरकारी कागदपत्रं) कायदा पण वाचून ठेवा, सरकारी नोकरीत लागतो.

आता खरं काम. रुमाल, म्हणजे कागद बांधून ठेवलेलं कापडी गाठोडं, सोडलात की कागद ज्या क्रमाने निघाले तो क्रम आधी लिहून घ्या, तारखेप्रमाणे लावायचा मोह होतो पण प्लीज लावू नका, कुठला कागद कुणाशेजारी होता हीच माहिती असते आणि एकदा मोडली की परत मिळत नाही. हात धुऊन कोरडे करा, पेन लांब ठेवा, फक्त पेन्सिल. फाटलेल्याला सेलोटेप कधीच नाही, लॅमिनेशन तर नाहीच नाही!! पावसाळ्यात दमट हवेने बुरशी धरते, तेव्हा कपाट भिंतीला चिकटवू नका.