तारामासा ओळखायचा? आधी उलटा करा

परवा शेजारची दहावीतली मुलगी दिवेआगरच्या वाळूत मेलेला सापडलेला तारामासा बिस्किटाच्या डब्यातून घेऊन आली. "काका, प्रोजेक्टमध्ये अ‍ॅस्टेरियास लिहू ना?" म्हटलं, थांब. अ‍ॅस्टेरियास ही तारामाशाची प्रजाती उत्तरेकडच्या थंड समुद्रातली. आपल्या पुस्तकात ती आहे म्हणून आपल्या वाळूत असेल असं नाही. ३१ वर्षं प्रॅक्टिकल घेतल्यावर माझा एवढाच हट्ट उरलाय: हातातलं बघून लिहा, पाठांतर बघून नको.

रंगाकडे जाऊच नका. फॉर्मॅलिनच्या बरणीत सगळेच चहाच्या चोथ्यासारखे दिसतात. तारामासा उलटा करा. मधोमध तोंड, आणि तिथून प्रत्येक भुजेच्या टोकापर्यंत उघडी खोबण गेलेली दिसली, तर वर्ग अ‍ॅस्टेरॉइडिया. खोबण झाकलेली आणि भुजा मधल्या चकतीला शेपट्यांसारख्या चिकटवल्यागत असतील, तर तो ब्रिटल स्टार. संघ तोच, कंटकचर्मी, पण वर्ग वेगळा. मीच एकदा घाईत चुकीचं लेबल डकवलं होतं आणि बाहेरच्या परीक्षकांनी ते भर वर्गात वाचून दाखवलं.

आता सरळ करा. पाठीवर दोन भुजांच्या बेचक्यात खडबडीत टिकली शोधा. ती मॅड्रेपोराइट, जलसंवहनी संस्थेचं, म्हणजे अंगात पाणी खेळवणाऱ्या नळ्यांचं दार. पोरं ती हमखास तोंडाच्या बाजूला काढतात आणि मार्क घालवतात.

मग भिंग घ्या, दहापटीचं पुरे. मुलीच्या नमुन्याच्या कडेला जाड पट्ट्यांची दुहेरी रांग होती आणि खालच्या रांगेतून फणीच्या दातांसारखे काटे बाहेर आलेले. पाठीवर इवले इवले खांब, प्रत्येकाच्या डोक्यावर कुंचल्यासारखा झुबका. ती दोन मिनिटं बोललीच नाही. ही अ‍ॅस्ट्रोपेक्टन प्रजाती, गण पॅक्सिलोसिडा.

इथे पुस्तक आडवं येतं. 'नलिकापादांना (खोबणीतल्या नळीसारख्या पायांना) चूषक, म्हणजे चिकटून धरणाऱ्या वाट्या असतात, तारामासा जठर बाहेर काढून शिंपल्यातला जीव खातो' हे अ‍ॅस्टेरियासला लागू. अ‍ॅस्ट्रोपेक्टनचे नलिकापाद टोकदार, बिनचूषकाचे. वाळू उकरायला तेच बरे. तो छोटे शंख-शिंपले अख्खे गिळतो आणि गुदद्वारच नसल्यामुळे रिकामी टरफलं तोंडातूनच बाहेर टाकतो. वाळलेल्या नमुन्यात नलिकापाद आक्रसलेले असतात, तेव्हा कडेच्या पट्ट्यांवरच भिस्त ठेवा.

किनाऱ्यावर जिवंत सापडला तर ओल्या वाळूतच फोटो काढा, दोन्ही बाजूंनी, आणि पाण्यात सोडा. पुण्याला आणू नका, एसटीत वास सुटतो तो वेगळाच.

प्रजातीच्या पुढे जाऊन जात (स्पीशीज) ठरवायच्या फंदात घरी पडू नये. त्यासाठी आकुर्डीला भारतीय प्राणी सर्वेक्षणाचं केंद्र आहे, तिथल्या तज्ज्ञांना विचारावं. मुलीने डब्यावर पेन्सिलीने लिहिलं: 'अ‍ॅस्ट्रोपेक्टन, जात ठरवलेली नाही, दिवेआगर, भरतीरेषेजवळ.' तारीख विसरली होती. ती मी लिहायला लावली.